वामनराव आणि नळाची बातमी

आपला जन्म सिन्नरला झाला, असं वामनराव पिंगळे कधी ठामपणे सांगत नसत. ‘माझा जन्म सिन्नरला झाला असं म्हणतात,’ एवढंच म्हणत. कुणी जास्त खोदून विचारलं तर म्हणत, ‘होतो मी तिथं, पण त्या वेळी माझं लक्ष नव्हतं.’

हे बोलताना माणूस हसत नसे. आयुष्यात मी त्यांना मोठ्यानं हसताना एकदाच पाहिलं, ते पुढे सांगतो.

आमच्या शाळेत ते इंग्रजी शिकवत आणि मी चित्रकला. म्हणजे ते शिकवत, आणि मी मुलांना रिकामा पेला काढायला लावून खिडकीबाहेर बघत असे. पण नाशकात त्यांना मास्तर म्हणून कमी आणि ‘इंग्रजी पेपरवाले पिंगळे’ म्हणून जास्त ओळखत. मुंबईच्या एका मोठ्या इंग्रजी दैनिकाचे ते नाशिकचे बातमीदार होते. काळ एकोणीसशे तीसनंतरचा. पेपरचं नाव घेत नाही. ज्यांना कळायचं त्यांना कळेल, आणि ज्यांना कळणार नाही त्यांचं काही बिघडत नाही.

हा पेपर आमच्या आजोबांच्याही आधीपासून निघत होता म्हणे. संपादक विलायतेहून यायचा, काही वर्षं इथल्या उन्हाला शिव्या द्यायचा आणि परत जायचा. मग दुसरा यायचा. पहिलं पान सगळं जाहिरातींचं. बोटी कधी सुटणार, पियानो कुठे विकायचा आहे, कुणाला आया पाहिजे आणि कुणाचं कुत्रं हरवलंय, हे वाचून झाल्यावर मग पान उलटून जगात काय चाललंय ते बघायचं. पुढे पुढे आत आपली माणसं उपसंपादक म्हणून बसायला लागली, फोटो यायला लागले, तेव्हा त्याला शिव्या देणारेही तोच विकत घ्यायला लागले. सकाळच्या गाडीनं अंक नाशिक रोडला उतरत, तिथून टांग्यानं गावात येत. वामनरावांचा अंक मात्र टपालानं, शाळेच्या पत्त्यावर, वेष्टनात गुंडाळून येई. वेष्टनावर छापील चिठ्ठी असे आणि तिच्यावर त्यांचं नाव. शिपायाच्या टेबलावरून तो उचलायचा, चाकूनं वेष्टन एका बाजूनं नीट कापायचं आणि मग आपल्या बातमीचं काय झालं ते बघायचं, हा त्यांचा रोजचा देवपूजेनंतरचा दुसरा नेम. बातमीचं बहुधा काही झालेलं नसे. त्यांनी पानभर लिहिलेलं तिथे तीन ओळींत येई, नाहीतर येतच नसे. ‘आज जागा नव्हती,’ ते म्हणत. पेपरवर रागावलेलं मी त्यांना पाहिलं नाही. आम्ही घरच्या थोरल्या माणसावर जसे रागवत नाही, तसं.

त्यांचा एक कायदा होता. डोळ्यांनी पाहिल्याशिवाय ओळ लिहायची नाही. बाकीचे बातमीदार समारंभाच्या आदल्या दिवशीच भाषणं, हार आणि टाळ्या लिहून पाकीट पोस्टात टाकत आणि समारंभाच्या वेळी घरी झोपत. वामनराव बंद गळ्याचा काळा कोट, काळी टोपी आणि छत्री अशा थाटात जातीनं हजर. काही पाहायचं असलं की आधी चष्मा काढायचा, उपरण्यानं पुसायचा, डोळ्यांवर चढवायचा आणि मग बघायचं. गंगापूर रस्त्याला बिबट्या आला म्हणून गावभर बोंब झाली. मराठी पेपरांत तर बिबट्याची लांबी-रुंदीसुद्धा आली. वामनराव दोन दिवस जाऊन बसले. बिबट्या काही दिसला नाही. तिसऱ्या दिवशी एका डॉक्टरच्या दारातून शेळी गेली. वामनराव लगोलग पोहोचले, चष्मा पुसला, दावं पाहिलं, खुंटा पाहिला. त्यांनी बातमी पाठवली ती एवढीच, की डॉक्टर अमुकांच्या दारात शेळी बांधलेली होती, आता ती नाही.

‘अहो, बिबट्या?’ मी म्हटलं.

‘आपण पाहिला?’

‘नाही.’

‘मग झालं तर.’

चळवळीच्या दिवसांत हा पेपर सरकारधार्जिणा म्हणून चौकात त्याची होळी करायची टूम निघाली. पोरं घरोघर अंक गोळा करत शाळेत आली आणि वामनरावांपुढे हात पसरून उभी राहिली. सगळी त्यांच्याच वर्गात शिकून गेलेली. ‘वाचून होतोय, पाच मिनिटं थांबा,’ असं म्हणून त्यांनी शेवटचं पान वाचलं, घडी घालून अंक पोरांच्या हातात दिला, आणि पोरांच्या मागोमाग स्वतः चौकात गेले. होळी पेटेपर्यंत उभे राहिले. दुसऱ्या दिवशी त्याच पेपरात बातमी: नाशिकला या पेपरचे अंक जाळण्यात आले, वारा असल्यानं चांगले पेटले. संपादकानं ती कशी छापली देव जाणे. पोरं मात्र खूश झाली. पुढच्या होळीला वामनरावांना वेळ कळवायला आली.

गावाला वामनरावांची खरी किंमत कळली ती कलेक्टरसाहेबांमुळे. साहेब मराठी अर्जांना हात लावत नसत. ते अर्ज कारकुनाकडून कारकुनाकडे फिरत आणि म्हातारे होत. पण सकाळी चहा-टोस्टाबरोबर साहेब तो इंग्रजी पेपर पहिल्या अक्षरापासून शेवटपर्यंत वाचत. वर्षानुवर्षं तुंबलेल्या एका गटाराबद्दल पेपरात वामनरावांच्या दोन ओळी आल्या आणि दुपारी गटारावर मजूर उभे राहिले. झालं! तेव्हापासून ज्याला काही दुखतंखुपतं तो वामनरावांकडे. ते प्रत्येक गटार स्वतः जाऊन पाहत. पाहत म्हणजे वासही घेत. घरी परत आल्यावर त्यांची बायको, आमच्या काकू, त्यांना अंगणातच आंघोळ करायला लावत, असं म्हणतात. मी पाहिलेलं नाही.

असंच एकदा मधल्या सुटीत शिक्षकांच्या खोलीच्या दाराशी चांदबी येऊन उभी राहिली. विणकरांच्या मोहल्ल्यातली, साठीची, काटक बाई. सून आणि दोन लेकी मागावर बसत आणि ही पाणी भरे. मोहल्ला टेकडीवर, पाणी खाली गंगेवर. आम्ही नाशिककर गोदावरीला गंगाच म्हणतो.

‘पेपरवाले मास्तर कोन हाय?’ तिनं विचारलं.

वामनराव उठले.

‘मास्तरसाब, आमच्या मोहल्ल्यात पाणी नाय. घागर घेऊन चढताना जीव जातो. परवा एक पोरगी पोटुशी होती, पाय घसरून पडली. तुमी विंग्रजीत लिवा. साहेबाला मराठी कळत नाय, तर आमी काय करावं?’

शाळा सुटल्यावर वामनराव गेले. मलाही ओढून नेलं. टेकडीच्या खाली उभं राहून त्यांनी एक बाई वर चढताना पाहिली. मग दुसरी पाहिली. मग एका पोरीच्या हातातली भरली घागर मागितली आणि ती खांद्यावर घेऊन स्वतः निघाले. निम्म्यात बसले. ‘आता लिहितो,’ एवढंच बोलले.

आल्या त्या तीनच ओळी. पण कलेक्टरसाहेबांनी त्या वाचल्या आणि कुठल्याशा चहापानात धनराजशेठपुढे विषय काढला. धनराजशेठ म्हणजे भुसाराचे मोठे व्यापारी. टेकडीच्या पायथ्याशी त्यांची बाग, बागेत बारमाही विहीर. शेठना सरकारी किताब मिळवून ‘रावसाहेब’ व्हायची भयंकर घाई होती. त्यांनी तिथल्या तिथे जाहीर केलं, की मोहल्ल्यात स्वखर्चानं हौद बांधतो, नळ बसवतो आणि इंजिन लावून आपल्या विहिरीचं पाणी वर चढवतो.

हौद खरोखरच उभा राहिला. वामनराव शाळेतून जाता-येता बघून येत. आपल्या तीन ओळींचा हौद होताना पाहायला मिळणं ही काही लहानसहान गोष्ट नाही. माझ्याजवळ ते तसं बोलले नाहीत, पण त्या महिन्यात त्यांनी वर्गात कुणालाही छडी मारली नाही.

उद्घाटनाला मांडव, सनई, कलेक्टरसाहेब, सगळं झालं. शेठनी चांदीच्या कात्रीनं फीत कापली आणि तोटी फिरवली. वामनरावांनी चष्मा पुसला. पाणी आलं! चांगलं मनगटाएवढ्या धारेनं आलं, पितळी कळशीत पडलं, टाळ्या झाल्या. चांदबीनं कळशी भरून घेतली. वामनराव जवळ जाऊन पाण्यात बोट बुडवून आले.

कधी नव्हे ती बातमी पेपरात जशीच्या तशी आली. विणकरांच्या मोहल्ल्यात पाणी आले, बायकांची पायपीट संपली, वगैरे. मुंबईहून फोटोसुद्धा मागवला होता.

बातमी आली त्याच दिवशी चांदबी पुन्हा दारात. हातात रिकामी कळशी.

‘मास्तरसाब, पाणी गेलं.’

‘गेलं म्हणजे?’

‘हौदातलं संपलं. काल पहाटं भिस्ती येऊन पखालीनं हौद भरून गेले व्हते ना.’

वामनराव खुर्चीतून उठले. ‘बाई, मग काल का नाही सांगितलंत?’

‘आमाला काय म्हाईत? आमाला वाटलं, पयल्या दिसाची रीत असंल.’

आम्ही गेलो. वामनराव कोट काढून शिडीनं हौदावर चढले आणि आत डोकावले. तळ ओला होता, बस. हौदातून निघालेला मोठा नळ उतारानं खाली जात होता आणि धनराजशेठच्या कुंपणापाशी मातीत तोंड खुपसून थांबला होता. इंजिनाचा पत्ता नव्हता. पाणी पाहायला गेलेल्या माणसानं पाणी पाहिलं होतं. ते कुठून येतंय हे पाहायचं त्याच्या मनातच आलं नव्हतं. खाली उतरल्यावर वामनरावांचा चेहरा मला बघवेना. 

दुसऱ्या दिवशी ते शेठकडे गेले. शेठ गोड बोलले. ‘इंजिन मुंबईहून निघालंय, मास्तर.’ पंधरवड्यानं गेले तर इंजिन कल्याणला होतं. मग ते इगतपुरीला आलं आणि तिथेच राहिलं. ‘घाट चढून दमलं असेल,’ मी म्हटलं. वामनरावांना ते मुळीच आवडलं नाही. सरकारच्या नव्या वर्षाच्या यादीत धनराजशेठ रावसाहेब झाले. त्यानंतर वामनराव गेले तेव्हा रावसाहेबांनी विचारलं, ‘इंजिन? कसलं इंजिन?’

वामनरावांनी पेपरला बातमी पाठवली, की नळ कोरडा आहे. संपादकांच्या कचेरीतून उत्तर आलं, की नाशिकच्या नळाची बातमी नुकतीच येऊन गेली आहे, एकाच नळाला किती जागा द्यायची? मग त्यांनी मूळ बातमीची दुरुस्ती पाठवली. त्यालाही उत्तर आलं: आपण लिहिल्याप्रमाणे पाणी आलं होतं की नव्हतं? आलं होतं. मग बातमी बरोबर आहे. बरोबर बातमीची दुरुस्ती करण्याची या दैनिकात पद्धत नाही.

शेवटी कोट-टोपी घालून ते कलेक्टरसाहेबांच्या बंगल्यावर गेले. साहेब सज्जन होते. त्यांनी खुर्ची दिली आणि सगळं ऐकून घेतलं.

‘पण मिस्टर पिंगळे, तिथं पाणी आहे. मी स्वतः वाचलंय.’

‘ते मीच लिहिलंय, साहेब.’

‘हो ना! तुम्ही पाहिल्याशिवाय लिहीत नाही, हे मला ठाऊक आहे.’

 वामनराव उठून आले. इकडे चांदबी आणि मोहल्ल्यातल्या बाया पुन्हा गंगेवर उतरत होत्या, चढत होत्या, आणि आता तर अर्जाचीही सोय राहिली नव्हती. कुठल्याही कचेरीत गेलं तरी कारकून म्हणे, ‘तुमच्याकडे पाणी आलंय की. पेपरात आहे.’ वामनराव रस्त्यात दिसले तर चांदबी काही बोलत नसे. डोक्यावर घागर घेऊन बाजूला होई आणि वाट देई. शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं, असं ते एकदा मला म्हणाले.

मग एके दिवशी शाळेत त्यांनी माझ्यापुढे एक कागद ठेवला. त्या पेपरच्या जाहिरात खात्याकडे पाठवायचा मजकूर होता. जाहिरात खातं वेगळं, संपादकीय खातं वेगळं. तिथले लोक एकमेकांकडे चहासुद्धा मागत नाहीत, ही त्यांची माहिती. इंग्रजी होतं, मी मराठीत सांगतो:

‘हरवले आहे. नाशिक येथे, विणकरांच्या मोहल्ल्यातून, पाणी. रावसाहेब धनराजशेठ यांच्या हस्ते नळातून पडताना शेवटचे दिसले. त्यानंतर ठावठिकाणा नाही. आणून देणाऱ्याचे मोहल्ल्यातील स्त्रिया आभार मानतील. आपला नाशिकचा बातमीदार, वामन पिंगळे.’

‘खाली नाव कशाला घालताय?’ मी म्हटलं. त्या काळी बातमीदाराचं नाव कधी छापत नसत. ‘निनावी द्या की. नाव पाहिलं की काढून टाकतील तुम्हाला.’

‘पहिल्या बातमीखाली माझं नाव नव्हतं, तरी ती माझीच होती ना?’

‘अहो, पण एवढ्या वर्षांचं बातमीदारपण! रोजचा अंक! हौस म्हणून दुसरं काय आहे तुम्हाला?’

त्यांनी कागदाची घडी घातली. ‘ती बाई घागर घेऊन मला वाट देते हो,’ ते म्हणाले.  मग पाकीट चिकटवून स्वतः पोस्टात गेले.

जाहिरात पहिल्या पानावर आली. वर एका मडमेचं हरवलेलं कुत्रं, खाली कुणाचा तरी मोत्यांचा ब्रोच, आणि मधे आमच्या मोहल्ल्याचं पाणी. कलेक्टरसाहेबांनी ती चहाबरोबर वाचली. चहा तसाच ठेवून ते उठले, असं बंगल्यावरच्या बटलरनं सांगितलं. रावसाहेबांना बोलावणं गेलं. आत काय बोलणं झालं ते कुणी पाहिलं नाही, पण रावसाहेब बाहेर आले ते टोपी हातात घेऊन, आणि पुढच्याच आठवड्यात नाशिक रोडला मालगाडीतून इंजिन उतरलं. कल्याण नाही, इगतपुरी नाही, थेट!

त्याच सुमारास वामनरावांनाही उत्तर आलं. आजवरच्या सेवेबद्दल आभार. यापुढे गरज नाही. त्यांनी ते मला वाचून दाखवलं. ‘इंग्रजी चांगलं आहे,’ म्हणाले. दुसऱ्या दिवशी नेहमीच्या वेळेला ते शिपायाच्या टेबलापाशी गेले. टेबलावर अंक नव्हता. हातातला चाकू मिटून त्यांनी खिशात टाकला आणि वर्गावर गेले. मी चित्रकलेच्या खोलीच्या दारातून हे बघत होतो. मला फार वाईट वाटलं, आणि त्या पेपरचा असा संताप आला की काय सांगू! तो संताप माझ्या वयाला न शोभेल इतका टिकला. आजही टिकून आहे.

इंजिन सुरू झालं त्या दिवशी मांडव नव्हता, सनई नव्हती. एकदा उद्घाटन झालेल्या नळाचं पुन्हा उद्घाटन कोण करणार? कुठल्याच पेपरचा माणूस आला नाही. आम्ही दोघं मात्र शाळा सुटल्यावर टेकडी चढून गेलो. खालून इंजिनाचा फटफट आवाज येत होता.

वर पाहतो तर काय, तोटी सताड उघडी, कळश्या, हंडे, बादल्या, परातीसुद्धा भरलेल्या, आणि पाणी वाहून चाललंय. मोहल्ल्यात चिखल झालाय, पोरं त्यात लोळतायत, आणि बाया नळाभोवती कडं करून उभ्या. नळ बंद करायला कुणी पुढे होईना.

‘चांदबी, भांडी भरली. बंद करा आता,’ वामनराव म्हणाले.

‘बंद केला आन् परत नाय आलं तर?’

सगळ्या बाया त्यांच्याकडे बघायला लागल्या. हा माणूस एकदा फसला होता आणि त्याच्याबरोबर सगळ्या फसल्या होत्या. वामनराव चिखलातून नळापर्यंत गेले. जोडे चिखलात, धोतराचा काठ चिखलात. त्यांनी तोटी धरली आणि फिरवून बंद केली. पाणी थांबलं.  इंजिन तेवढं खाली वाजत होतं. त्यांचा हात तोटीवरच होता.

त्यांनी तोटी उघडली. पाणी आलं.

बाया ओरडल्याच. वामनरावांनी तोटी परत बंद केली, परत उघडली. आलं! मग त्यांना काय झालं कोण जाणे. पुन्हा बंद, पुन्हा उघड. टोपी मागे सरकलेली, चष्म्यावर पाणी उडालेलं, काही दिसत नसणार, आणि माणूस मोठमोठ्यानं हसतोय. पोरं टाळ्या पिटायला लागली. ते थांबेचनात. शेवटी चांदबी पुढे झाली आणि तिनं त्यांचं मनगट धरलं.

‘बास करा, मास्तरसाब,’ ती म्हणाली, ‘मोडंल.’